दिघी ते दलाल स्ट्रीट: 62 दिवसांचं घड्याळ

9 जानेवारी 1993, रात्र. मुंबईतल्या 12 मार्चच्या बॉम्बस्फोटांना 62 दिवस

रायगड जिल्ह्यातल्या श्रीवर्धन तालुक्यात, जंजिऱ्याच्या समोरच्या अंगाला दिघीचा धक्का आहे. एरवी इथे मासळीची आणि मुरुडकडे जाणाऱ्या लाँचची वर्दळ असते. त्या रात्री तिथे शस्त्रांचा माल उतरला. मुंबई तेव्हा जळत होती. बाबरी मशीद पडल्यावर डिसेंबरात उसळलेली दंगल शमते न शमते तोच जानेवारीत दुसरा भडका उडाला होता. दोन्ही दंगलींत मिळून सुमारे नऊशे माणसं गेली. सगळ्यांचं लक्ष शहराकडे होतं आणि किनारा मोकळा होता.

कोकणच्या किनाऱ्याला तस्करी नवी नव्हती. वर्षानुवर्षं चांदी उतरायची, हमालाला रात्रीची मजुरी मिळायची आणि चौकीला हप्ता पोचायचा. त्यामुळे गोंडघर फाट्यावर श्रीवर्धन पोलिसांनी गाड्या अडवल्या, तेव्हा पुढे काय करायचं ते दोन्ही बाजूंना पाठ होतं. भाव ठरला. ठरलेली रक्कम जवळ नव्हती म्हणून चांदीच्या विटा तारण ठेवल्या गेल्या आणि गाड्या सुटल्या. पुढे टाडा या दहशतवादविरोधी कायद्याखालच्या न्यायालयाने तिथल्या उपनिरीक्षकाला जन्मठेप दिली. त्याच्या हाताखालच्या शिपायांना सक्तमजुरी झाली.

मला हा फाटा फार महत्त्वाचा वाटतो. पुढच्या 62 दिवसांत ज्यांनी ज्यांनी या मालाला हात लावला, त्यांतल्या दोषी ठरलेल्या प्रत्येकाची शिक्षा पुढे न्यायालयाने मोजली. एकाच मालाची ही मोजदाद हाताहाताला कशी बदलत गेली, ते पाहण्यासाठीच हा घटनाक्रम मांडतो आहे.

15 जानेवारी, संध्याकाळ. 56 दिवस

वांद्र्याच्या पाली हिलवर सुनील दत्त यांचं घर. दत्त तेव्हा काँग्रेसचे खासदार होते. दंगलग्रस्तांसाठी ते राबत होते आणि त्यापायी त्यांना धमक्याही येत होत्या. त्यांचा मुलगा संजय हा हिंदी सिनेमातला मोठा नट. परवान्याची तीन हत्यारं त्याच्याकडे होतीच. त्या संध्याकाळी त्याच्या ओळखीच्या सिनेमावाल्यांबरोबर एक तरुण आला: अबू सालेम. उद्या हत्यारं येतील, असं ठरलं.

16 जानेवारी, सकाळ. 55 दिवस

तपासाने जोडलेली साखळी अशी. दिघीला उतरलेल्या मालातला काही भाग गुजरातेत, भरूचकडे गेला. तिथून सालेमने चोरकप्पे असलेल्या मारुती व्हॅनमधून नऊ एके-56 रायफली, शंभर हातबॉम्ब आणि काडतुसं मुंबईत आणली. ही व्हॅन पाली हिलच्या बंगल्यात शिरली. मालातल्या तीन रायफली, काडतुसं आणि काही हातबॉम्ब तिथे उतरले. म्हणजे रायगडच्या धक्क्यावर उतरलेला माल आठवड्याच्या आत, भरूचचा वळसा घालून, खासदाराच्या घरात पोचला होता.

दोनच दिवसांनी, 18 तारखेला, सालेम परत आला. दोन रायफली आणि हातबॉम्ब त्याने नेले. एक एके-56 संजय दत्तने ठेवून घेतली. पुढे वीस वर्षं ज्या खटल्यावर देशभर वाद झाला, तो या एका रायफलीचा.

जीवाच्या भीतीने माणूस हत्यार जवळ करतो, हे मला समजतं. त्या जानेवारीत मुंबईत ज्याला भीती वाटली नाही असा माणूस शोधावा लागला असता. पण एके-56 ही घराच्या राखणीची वस्तू नव्हे. ती सैन्याची स्वयंचलित रायफल आहे. शस्त्र कायद्यात ती निषिद्ध शस्त्र ठरते, म्हणजे सामान्य नागरिकाला परवाना मागूनही न मिळणारं. असं शस्त्र घरी आणून देणारा माणूस आणखी कुणाकुणाकडे काय पोचवतो आहे, हा प्रश्न 18 तारखेला हत्यारं परत पाठवणाऱ्याच्या मनात आलाच असणार. त्या प्रश्नापायी एक फोन झाला असता, तर पुढचे 53 दिवस वेगळे गेले असते का? खात्रीने कुणीच सांगू शकत नाही. मात्र स्फोटांच्या आधी तपासाला धागा मिळण्याची ती एक खरी संधी होती, एवढं नक्की.

परत गेलेली हत्यारं कुठे गेली, तेही लक्षात ठेवायला हवं. वांद्र्यातल्याच माऊंट मेरी भागात राहणाऱ्या एका बाईंच्या घरी हत्यारांची बॅग काही दिवस ठेवली गेली. त्या बाईंकडे आपण पुन्हा येणार आहोत.

जानेवारीचा शेवटचा आठवडा. सुमारे दीड महिना

कस्टम खात्याकडे गोपनीय माहिती पोचली. पाकिस्तानातून शस्त्रं येताहेत, मुंबईच्या आसपास आणि कोकणच्या किनाऱ्यावर लवकरच उतरतील, आणि ज्या ठिकाणांवर नजर ठेवायची त्यांत श्रीवर्धनही होतं. अशी माहिती हाताशी असताना आंधळेपणाचं निमित्त उरत नाही.

3 आणि 7 फेब्रुवारी, रात्र. 37 आणि 33 दिवस

श्रीवर्धनजवळच्या शेखाडीच्या किनाऱ्यावर स्फोटांच्या कटाचा सूत्रधार टायगर मेमन याचा माल दोनदा उतरला. या वेळी रायफली आणि हातबॉम्बसोबत आरडीएक्स होतं. काळपट, मऊ, हाताला चिकटणारं. ते भरणारे त्याला ‘काळा साबण’ म्हणायचे. उतरलेला माल म्हसळ्याच्या बाजूला वांगणी टॉवरपाशी नेला, तिथे गाड्यांच्या चोरकप्प्यांत भरला आणि मुंबईला धाडला. रस्त्यावर कस्टमची माणसं होती आणि पोलिसांचीही होती. माल तरीही गेला. कस्टमच्या एका अतिरिक्त कलेक्टरला टाडा न्यायालयाने पुढे जन्मठेप ठोठावली. तस्करांना साथ देणारे त्याच्या खात्यातले इतर अधिकारीही दोषी ठरले.

9 मार्च. 3 दिवस

पोलिसांच्या ताब्यात असलेल्या एका तरुणाने चौकशीत सांगून टाकलं की आपण पाकिस्तानात जाऊन शस्त्रं चालवायला शिकून आलो आहोत आणि शहरात बॉम्ब फुटणार आहेत. ऐकणाऱ्यांना ते खरं वाटलं नाही. मुंबईत तोवर असं कधी घडलंच नव्हतं. मला वाटतं, 62 दिवसांतली सर्वांत जड चूक हीच. गोंडघरला आणि शेखाडीला पैशाने तोंडं बंद केली होती. इथे तर कुणी दमडीही दिली नव्हती, आणि समोरचा स्वतःहून बोलत होता.

11 मार्च, रात्र, ते 12 मार्चची पहाट

माहीमची अल हुसैनी इमारत. टायगर मेमनचं कुटुंब इथे राहायचं. खालच्या गॅरेजांमध्ये रात्रभर काम चाललं. जीप, मोटारी, स्कूटर, व्हॅन. डिक्कीत आणि सीटखाली काळा साबण दाबून भरला जात होता. त्यात खुपसायच्या पेन्सिल डिटोनेटरची रचना साधी असते. आत रसायनाची छोटी कुपी असते आणि एक बारीक तार. कुपी चिरडली की रसायन तार खाऊ लागतं. तार तुटली की ताणून ठेवलेली स्प्रिंग सुटते आणि स्फोट होतो. तार किती वेळात तुटणार हे ठरलेलं असतं. तिथून पुढे माणूस हजर असावा लागत नाही.

पहाटे टायगर विमानाने दुबईला निघून गेला. त्याचे बहुतेक घरचे त्याआधीच देशाबाहेर होते.

12 मार्च, शुक्रवार, सकाळ. काही तास

रमजानचा महिना. गाड्या एकेक करून माहीममधून बाहेर पडल्या. सी रॉक, जुहू सेंटॉर आणि विमानतळाजवळचं सेंटॉर या हॉटेलांत खोल्या आधीच घेऊन ठेवल्या होत्या. तिथे सूटकेसा गेल्या. एका मारुती व्हॅनमध्ये एके-56 रायफली आणि हातबॉम्ब होते. या व्हॅनचा बेत महापालिका मुख्यालयावर हल्ला करण्याचा होता, असं तपासात पुढे आलं.

दलाल स्ट्रीटवर शेअर बाजाराच्या 28 मजली इमारतीत सौदे चालू होते. संगणकावरचे व्यवहार यायला अजून दोन वर्षं होती. दलाल रिंगणात उभे राहून हात उंचावून, ओरडून भाव पुकारायचे. बाहेर जेवणाची सुट्टी झालेले कारकून, सँडविचवाले, फळवाले. तळघरात एक मोटार उभी राहिली.

दुपारी 1.33

शेअर बाजार. 84 मृत, 217 जखमी.

2.15

कथा बाजार, मशीद बंदरजवळचा धान्याचा घाऊक बाजार. 4 मृत.

2.25

दादर, शिवसेना भवनाशेजारचा लकी पेट्रोलपंप. 4 मृत, 50 जखमी.

2.33

नरिमन पॉइंट, एअर इंडिया इमारत. 20 मृत.

2.45

वरळी, सेंच्युरी बाजार. 113 माणसं. सर्वांत मोठा आकडा या एका जागेचा आहे. शेअर बाजारासारखं उंच, नावाजलेलं ठिकाण हे नव्हतं. हा गजबजलेला रस्ता होता, दुकानं होती, बसथांबा होता. आपापल्या कामाला निघालेले लोक होते. जीपमधलं आरडीएक्स त्यांच्या मधोमध फुटलं. 227 जखमी झाले. मुंबईच्या स्मरणात 12 मार्च म्हणजे दलाल स्ट्रीट. आकडे मात्र वरळीकडे बोट दाखवतात, आणि वरळीच्या त्या रस्त्याची आठवण याहून जास्त ठेवली जायला हवी होती असं मला मनापासून वाटतं.

याच मिनिटाला माहीमच्या कोळीवाड्यावर हातबॉम्ब फेकले गेले. 3 मृत. तिथे कुणी स्फोटकं ठेवून पळालं नव्हतं. समोर घरं आणि माणसं दिसत असताना, हाताने फेकलेले ते बॉम्ब होते, आणि तेही समुद्रमार्गेच आले होते.

2.55 ते 3.40

सहार विमानतळावरही हातबॉम्ब फेकले गेले. 3.05 वाजता झवेरी बाजार, 17 मृत. 3.10 वाजता सी रॉक. 3.13 वाजता दादरचं प्लाझा थिएटर, मराठी माणसाचं हक्काचं, 10 मृत. 3.20 वाजता जुहू सेंटॉर. 3.40 वाजता विमानतळाजवळचं सेंटॉर, 2 मृत.

दोन तास सात मिनिटं. 257 मृत, 713 जखमी.

काही स्कूटर फुटल्याच नाहीत. एके-56 भरलेली व्हॅन महापालिकेपर्यंत पोचलीच नाही. सोबतचे लोक ती वरळीत रस्त्याकडेला सोडून पळाले. तिची नोंदणी मेमन कुटुंबातल्या बाईच्या नावावर होती, आणि त्या नोंदणीवरून पोलीस अल हुसैनीपर्यंत गेले. ज्या रायफलींनी आणखी माणसं मारायची, त्याच रायफलींच्या गाडीने गुन्ह्याचा पत्ता दिला.

एप्रिल 1993. स्फोटांनंतर महिना

संजय दत्त मॉरिशसमध्ये चित्रीकरणात होता. त्याच्याकडे एके-56 असल्याची बातमी मुंबईत छापून आली. त्याने मित्राला फोन केला. मित्रांनी रायफल घरातून काढली आणि गॅसकटरने कापून वितळवली. तपासात हाती लागली ती एक स्प्रिंग आणि एक रॉड. 19 एप्रिलला विमानतळावर उतरताच त्याला अटक झाली. आठवड्याभरात त्याने कबुलीजबाब दिला. दीड वर्षानंतर, 1994 च्या नोव्हेंबरात, तो मागे घेतला.

जानेवारीत भीती होती असं म्हणता येतं. एप्रिलमध्ये मात्र 257 माणसं मेल्याचं सगळ्या जगाला ठाऊक होतं, आणि तरीही पहिला फोन पोलिसांना झाला नाही. शिक्षेचा विचार करताना मला जानेवारीहून हा एप्रिल जास्त खुपतो.

31 जुलै 2007

123 आरोपी, 100 दोषी. आर्थर रोड तुरुंगाच्या आवारातल्या विशेष न्यायालयात न्या. प्रमोद कोदे एकेकाला शिक्षा सुनावत होते. आरोपी क्रमांक 117, संजय दत्त: दहशतवादी कारवायांच्या आरोपातून निर्दोष, शस्त्र कायद्याखाली दोषी, सहा वर्षं सक्तमजुरी. हत्यार स्वतःच्या आणि घरच्यांच्या जीवाच्या भीतीपोटी घेतलं, स्फोटांच्या कटाशी त्याचा संबंध नाही, असं न्यायालयाने मानलं. निकालाचा खरा सांधा इथे आहे. टाडा कायद्याखाली गुन्हा शाबीत होणं आणि शस्त्र कायद्याखाली होणं, यांत नुसत्या वर्षांचा फरक नसतो. पहिल्यात माणसाच्या नावापुढे दहशतवाद लागतो. दुसऱ्यात लागतं ते बेकायदा हत्यार.

21 मार्च 2013. स्फोटांनंतर 20 वर्षं 9 दिवस

सर्वोच्च न्यायालय, न्या. पी. सदाशिवम आणि न्या. बी. एस. चौहान. टायगरचा भाऊ याकूब मेमन याची फाशी कायम झाली. दहा जणांची फाशी जन्मठेपेवर आली. पोलीस आणि कस्टम यांनी कर्तव्यात जी कसूर केली, तिच्यावर न्यायालयाने कठोर ताशेरे ओढले. आणि आरोपी 117 च्या अपिलावर खंडपीठाने तीन गोष्टी ठरवल्या.

मागे घेतलेला असला तरी कबुलीजबाब ग्राह्य आहे. इतर साक्षीपुरावा त्याला दुजोरा देतो. म्हणून दोष कायम.

चांगल्या वर्तनाच्या हमीवर सोडावं, ही मागणी नामंजूर. गुन्ह्याचं स्वरूप आणि त्या वेळची परिस्थिती इतकी गंभीर आहे की प्रोबेशनचा विचार होऊ शकत नाही.

आणि शिक्षा सहा वर्षांवरून पाच. निषिद्ध शस्त्र बाळगण्याबद्दल शस्त्र कायद्याचं कलम 25(1ए) तेव्हा किमान पाच आणि कमाल दहा वर्षं सांगत होतं. म्हणजे न्यायालयाने कायद्याने जिथपर्यंत उतरू दिलं तिथपर्यंत शिक्षा उतरवली, त्याखाली एक दिवसही नाही. दीड वर्ष आधीच भोगून झालं होतं. उरले 42 महिने.

खंडपीठासमोर जे होतं, तेवढ्यावर हा निकाल बरोबर आहे असं माझं मत आहे. पाच म्हणजे दया झाली असं म्हणणाऱ्यांनी कायद्यातली किमान मर्यादा पाहावी. पाच म्हणजे नटाचा छळ झाला असं म्हणणाऱ्यांनी एप्रिलमधला तो फोन आठवावा.

पण खंडपीठासमोर जे आलंच नाही, तिथे गाठ बसते. टाडाच्या आरोपातून झालेल्या सुटकेविरुद्ध सीबीआयने अपील केलं नाही. अपील नसेल तर न्यायालय त्या सुटकेला हात लावत नाही. त्यामुळे 16 जानेवारीची ती सकाळ टाडाच्या तराजूत पुन्हा कधी तोललीच गेली नाही.

आता माऊंट मेरीच्या त्या बाई. पाली हिलवरून परत निघालेली हत्यारांची बॅग त्यांच्या घरी राहिली. बॅगेत काय आहे हे आपल्याला माहीत नव्हतं, असं त्यांचं म्हणणं. ते मानलं गेलं नाही. त्यांना टाडाखाली दोषी ठरवून पाच वर्षं झाली, आणि 21 मार्चलाच सर्वोच्च न्यायालयाने ती शिक्षा कायम केली. तेव्हा त्या सत्तरीच्या घरात होत्या आणि आजारी होत्या. निवृत्त न्या. मार्कंडेय काटजू यांनी दोघांनाही माफी द्यावी अशी मागणी केली. माफीच्या बाजूचा मी नाही. पण हत्यारं एकाच खेपेतली, वर्षंही दोघांना पाचच. ज्याने ती स्वतः मागवून घेतली, उघडून पाहिली आणि एक ठेवून घेतली, त्याच्या नावापुढे दहशतवाद लागला नाही. जिच्या घरी बॅग पडून होती, तिच्या नावापुढे तो लागला. दोघांच्या पुराव्यात फरक असेलही. तो फरक वरच्या न्यायालयात, दोन्ही बाजू ऐकून, तपासला जायला हवा होता.

10 मे 2013 आणि पुढे

पुनर्विचार याचिका फेटाळली. 16 मे रोजी संजय दत्त मुंबईत टाडा न्यायालयाला शरण आला, पुढे येरवडा तुरुंगात गेला. पॅरोल आणि फर्लोवर त्याच्या बाहेर येण्यावरून गदारोळ झाला. 25 फेब्रुवारी 2016 रोजी, तुरुंगातल्या नियमांप्रमाणे मिळालेली सूट जमा धरून, तो सुटला. हत्यारं आणून देणाऱ्या अबू सालेमला, पोर्तुगालहून आणल्यानंतर चाललेल्या वेगळ्या खटल्यात, 2017 मध्ये जन्मठेप झाली. 2019 मध्ये संसदेने कलम 25(1ए) खालची किमान शिक्षा पाचवरून सात वर्षांवर आणि कमाल दहावरून चौदावर नेली.

टाडातून झालेल्या सुटकेविरुद्ध अपील का केलं नाही, याचं उत्तर न्यायाधीशांनी द्यायचं नसतं. ते तपास यंत्रणेने द्यायचं असतं, आणि ते 257 घरांच्या समोर, कागदावर, कारणांसकट द्यायला हवं होतं.